हस्ते कोण? लेखापरीक्षेच्या अहवालांची भाषा



आयोजकांनी फोनवर विषय विचारला तेव्हा आम्ही सांगितलं, 'सरकारी लेखापरीक्षेचे अहवाल'. पलीकडे जरा वेळ शांतता. मग विचारणा झाली, "थोडा हलका विषय नाही का चालणार? उन्हाळ्याचे दिवस आहेत." आम्ही म्हटलं, उन्हाळा आहे म्हणूनच हा विषय. टँकरच्या मागे हंडे घेऊन पळणाऱ्या माणसाला विचारा, खर्च झालेला पैसा कुठं गेला हा प्रश्न हलका आहे की जड.

आधी 'आम्ही' म्हणजे कोण ते सांगतो. आम्ही पाच जण. दोन निवृत्त शिक्षक, एक बँकेत कॅशियर होते, एकाचं औषधाचं दुकान आहे, आणि एक बांधकाम खात्यातून निवृत्त झालेले शाखा अभियंता. आमच्यात कुणीही सीए नाही. महिन्यातल्या एका रविवारी औषधाच्या दुकानामागच्या खोलीत बसतो आणि एक अहवाल मोठ्यानं वाचतो. कधी कॅगचा, म्हणजे भारताचे नियंत्रक व महालेखापरीक्षक यांचा, तर कधी एखाद्या ग्रामपंचायतीचा. आज बोलतोय एक जण, पण टिपणं पाचांची आहेत.

तेव्हा हे वाचकांचं टीकाटिपण आहे असं समजा. कादंबरीची समीक्षा होते, नाटकाची होते. पण या अहवालांवर दुसऱ्या दिवशी पेपरात फक्त एक आकडा येतो. इतके कोटी पाण्यात, तितके कोटी वाया. आकड्याचा मथळा होतो आणि अहवाल कपाटात जातो. आम्हाला वाटलं, हा मजकूर मजकूर म्हणून वाचून बघावा. तो कुणाशी बोलतो, कसा बोलतो, कुठं बोलायचं थांबतो.

पावतीवरची एक ओळ

तुम्ही गणपतीची वर्गणी देता. पावती फाडतात. त्यावर नाव असतं, रक्कम असते, तारीख असते, आणि खाली एक शब्द असतो: 'हस्ते'. पैसे कुणाच्या हातून आले, कुणाच्या हातात गेले. पाच-पन्नास रुपयांची पावती, पण तिच्यावर 'हस्ते' आहे. किराणा दुकानाच्या वहीत 'ह.' एवढंच अक्षर लिहून पुढं पोराचं नाव लिहितात, म्हणजे उद्या "मी नेलंच नाही" असं म्हणायला जागा नको.

ही सवय जुनी आहे. मोडीतली रोजकीर्द पाहिली तर रकमेशेजारी 'गुजारत अमुक' असं लिहिलेलं दिसतं. गुजारत म्हणजे त्याच्यामार्फत, त्याच्या हातून. पेशवाईत फडणीस हा हिशेबाचा मोठा अधिकारी, आणि हिशेब म्हणजे नुसती बेरीज-वजाबाकी नाही, रक्कम आणि माणूस यांची जोडी, हे त्या कारकुनांना माहीत होतं. जुना काळ फार स्वच्छ होता असं आम्ही म्हणत नाही. तेव्हाही पैसे खाल्ले जातच होते. पण कागदावर माणसाचं नाव लिहायची रीत होती.

आता हीच पावतीची नजर घेऊन आजचे अहवाल वाचू.

दफ्तर उपलब्ध झाले नाही

आमच्यापैकी एकाचं गाव तालुक्यापासून बारा किलोमीटरवर आहे. गावाचं नाव सांगत नाही, कारण तिथं जे झालं ते कुठल्याही गावात होतं. त्या ग्रामपंचायतीच्या लेखापरीक्षेची प्रत आम्ही माहिती अधिकारात मागून घेतली. महाराष्ट्रात ग्रामपंचायतींची लेखापरीक्षा स्थानिक निधी लेखापरीक्षा विभाग करतो. त्यांच्या भाषेत प्रत्येक आक्षेपाला 'शक' म्हणतात. सुंदर शब्द आहे. शक म्हणजे संशय. शक निघतो, शक प्रलंबित राहतो, शकाचं अनुपालन होतं. त्या अहवालातला एक शक साधारण असा होता:

'वस्तीकडे जाणाऱ्या पाइपलाइनच्या दुरुस्ती कामाची मोजमाप पुस्तिका तपासणीस उपलब्ध झाली नाही. प्रमाणके जोडण्यात आलेली नाहीत. सबब रु. २,४०,००० इतकी रक्कम आक्षेपाधीन ठेवण्यात येत आहे.'

तीन वाक्यं. आमच्यातले मराठीचे शिक्षक म्हणाले, "याचं व्याकरण चालवू." पहिल्या वाक्याचा कर्ता कोण? पुस्तिका. पुस्तिका उपलब्ध झाली नाही. जणू ती सकाळी कामावर आली नाही, तिची तब्येत बरी नव्हती. दुसरं वाक्य: प्रमाणके जोडण्यात आलेली नाहीत. कुणी जोडली नाहीत? वाक्यात जागा आहे. 'अमक्याकडून' हा शब्द तिथं बसतो, व्याकरणाची काही हरकत नाही. फक्त तो लिहिलेला नाही. तिसऱ्या वाक्यात तर आक्षेप घेणाराही गायब. रक्कम 'ठेवण्यात येत आहे'. चोरीचाही कर्ता नाही आणि संशयाचाही नाही.

शाळेत आम्ही मुलांना सांगायचो, कर्ता महत्त्वाचा नसेल किंवा माहीत नसेल तेव्हा त्याला वाक्यातून वगळता येतं. सरकारी मराठीत कर्ता माहीत असतो आणि महत्त्वाचाही असतो, म्हणूनच तो वगळला जातो.

मोठ्या अहवालांची भाषा सफाईदार असते, पण घडण तीच. 'लेखापरीक्षेत असे निदर्शनास आले की…', 'निविदा प्रक्रिया न राबवता काम देण्यात आले', 'शासनाने उत्तरात नमूद केले', 'सदर उत्तर स्वीकारार्ह नाही'. कॅगच्या अहवालात व्यक्तीचं नाव जवळजवळ कधी नसतं. फार तर हुद्दा असतो: कार्यकारी अभियंता, जिल्हाधिकारी, सचिव. शेवटी शिफारस येते, 'जबाबदारी निश्चित करण्यात यावी'. म्हणजे जबाबदारी निश्चित करण्याची जबाबदारी कुणाची, तेही अनिश्चितच.

लेखापरीक्षकाची बाजू

इथं थांबून त्यांची बाजू मांडली पाहिजे, नाहीतर टीका फुकटची होईल.

लेखापरीक्षक म्हणजे पोलीस नव्हे. एखाद्याचं नाव छापायचं तर आधी त्याचं म्हणणं ऐकलं पाहिजे, चौकशी झाली पाहिजे. कॅगचं काम पद्धतीतला दोष दाखवणं. दोषी माणूस शोधणं हे खात्याचं काम, गुन्हा असेल तर तपास यंत्रणेचं. आणि हुद्दाच लिहिण्यात शहाणपणही आहे. खुर्चीवरचा माणूस बदलतो, खुर्ची राहते.

या यंत्रणेची ताकदही मोठी आहे. संविधानाच्या कलम १४८ ते १५१ मध्ये कॅगची तरतूद आहे. त्यांना पदावरून काढायचं तर सर्वोच्च न्यायालयाच्या न्यायाधीशाला काढण्याइतकीच अवघड वाट. निवृत्तीनंतर सरकारी पद घ्यायला मनाई, म्हणजे पुढच्या खुर्चीच्या आशेनं आजचं मत वाकू नये. ३० मे १९४९ रोजी संविधान सभेत या पदावर चर्चा झाली तेव्हा डॉ. बाबासाहेब आंबेडकर म्हणाले होते की संविधानातला हा बहुधा सर्वांत महत्त्वाचा अधिकारी आहे, आणि त्याचं कर्तव्य न्यायपालिकेच्या कर्तव्याहूनही मोठं आहे. त्यांची तक्रार अशी होती की इतकं मोठं काम देऊनही आपण त्याला न्यायालयाइतकं स्वातंत्र्य देत नाही. हे बोलणारा माणूस सार्वजनिक वित्ताचा अभ्यासक होता. ब्रिटिश हिंदुस्थानातल्या प्रांतांच्या अर्थव्यवस्थेवर त्यांचा ग्रंथ १९२५ साली प्रसिद्ध झालेला आहे. सरकारच्या पैशाला पाय कसे फुटतात ते त्यांना पुस्तकातून आणि अनुभवातून, दोन्हीकडून ठाऊक होतं.

आणि अहवालांतला तपशील! आमचे शाखा अभियंता तर एखाद्या परिच्छेदावर खूश होऊन टाळी देतात. "बघा, कसं पकडलंय." अंदाजपत्रकात खडी एका खाणीची, वाहतूक दुसऱ्या खाणीवरून, हे असलं शोधायला दृष्टी लागते. तेव्हा शोधण्यात कमी आहे असं आमचं म्हणणं नाही. शोधल्यानंतरचं बोलणं तोकडं पडतं.

दोन अहवाल, अधिवेशनाचे दोन शेवटचे दिवस

आता महाराष्ट्रातली दोन उदाहरणं घेऊ. मुद्दाम दोन बाजूंची घेतो, म्हणजे घरी जाताना कुणी म्हणायला नको की हे अमक्या पक्षाचे.

पहिलं जलयुक्त शिवार. डिसेंबर २०१४ मध्ये योजना आली. दरवर्षी पाच हजार गावं टंचाईमुक्त करायची आणि २०१९ पर्यंत महाराष्ट्र टंचाईमुक्त करायचा, हा संकल्प. कॅगचा अहवाल ८ सप्टेंबर २०२० रोजी विधिमंडळात मांडला गेला. ९,६३३ कोटी रुपयांहून अधिक खर्च झाला, पण गाव पाण्याच्या बाबतीत स्वयंपूर्ण होणं आणि भूजलाची पातळी वाढणं, या दोन्हींवर फारसा परिणाम दिसला नाही, असा निष्कर्ष. करोनामुळं ते अधिवेशन दोनच दिवसांचं होतं, आणि अहवाल आला दुसऱ्या, म्हणजे शेवटच्या दिवशी. चर्चेला वेळ कुठला?

तोवर सरकार बदललेलं होतं. नव्या सत्ताधाऱ्यांना आयतं हत्यार मिळालं. खुल्या चौकशीचा निर्णय झाला. २०२२ मध्ये पुन्हा सरकार बदललं आणि त्याच वर्षाच्या शेवटी त्याच योजनेचा दुसरा टप्पा मंजूर झाला. आता आम्हाला सांगा, पहिल्या टप्प्याच्या अहवालात झालेल्या कामांच्या देखभालीबद्दल जे आक्षेप होते, त्यांचं दुसऱ्या टप्प्यात काय केलं, यावर तुम्ही एक तरी भाषण ऐकलंय? एका बाजूनं अहवाल काठी म्हणून वापरला, दुसऱ्या बाजूनं तो नव्हताच असं धरलं. गाळानं भरलेला बंधारा दोघांच्याही भाषणात नव्हता.

दुसरं मुंबई महापालिकेचं. एरवी मुंबई महापालिकेला स्वतःचा मुख्य लेखापरीक्षक असतो. पण ऑक्टोबर २०२२ मध्ये राज्य सरकारनं कॅगला खास तपासणी करायला सांगितलं. काळ कोणता? २८ नोव्हेंबर २०१९ ते ३१ ऑक्टोबर २०२२. कामं ७६, रक्कम सुमारे बारा हजार कोटी. त्यातला साडेतीन हजार कोटींच्या आसपासचा करोनाकाळातला खर्च महापालिकेनं साथरोग कायद्याचा आधार घेऊन तपासणीला दिलाच नाही. अहवाल मांडला गेला २५ मार्च २०२३ रोजी, पुन्हा अधिवेशनाच्या शेवटच्या दिवशी.

त्या सुरुवातीच्या तारखेकडे लक्ष द्या. २८ नोव्हेंबर २०१९. आधीच्या सरकारचा शपथविधी त्या दिवशीचा. महापालिकेचा कारभार त्या दिवशी सुरू झाला नव्हता, तो दीडशे वर्षांचा आहे. मग तपासणी नेमकी तिथून का सुरू व्हावी? अहवालात जे सापडलं ते खोटं आहे असं आम्ही मुळीच म्हणत नाही. निविदेविना कामं दिली असतील तर ती दिलेलीच आहेत. पण कुठल्या तारखेपासून बघायचं हे ज्याच्या हातात, त्याच्या हातात निकालाचा अर्धा भाग असतो. आणि महापालिकेनं कागदच द्यायचे नाहीत असं ठरवलं, तेव्हा ते कुणी ठरवलं? 'देण्यात आले नाहीत.' पुन्हा तेच वाक्य.

या दोन गोष्टींतून आम्ही शिकलो ते असं. वाक्यात कर्ता नसला की तिथली जागा रिकामी राहत नाही. ज्याला जो हवा तो कर्ता तो तिथं बसवतो. विरोधक सत्ताधाऱ्याचं नाव बसवतो, सत्ताधारी आधीच्याचं. ज्याच्या सहीनं बिल निघालं तो माणूस दोघांच्याही तावडीतून सुटतो.

अहवाल मांडल्यानंतर

कागदावर पुढची वाट अशी आहे. अहवाल विधिमंडळात आला की तो लोकलेखा समितीकडं जातो. खात्यांनी मुदतीत खुलासा द्यायचा, समितीनं सचिवांना बोलावून विचारायचं, शिफारशी करायच्या, आणि मग त्यांवर काय कार्यवाही झाली ते खात्यानं कळवायचं. संसदेत १९६७ पासून या समितीचं अध्यक्षपद विरोधी पक्षाकडं देण्याची प्रथा आहे. विरोधी पक्षाचे पहिले अध्यक्ष मिनू मसानी. ही प्रथा चांगली आहे, कारण तिथं पक्षापेक्षा कागद बोलावा अशी अपेक्षा असते.

अडचण वेळेची. कलम १५१ सांगतं की अहवाल विधिमंडळापुढं ठेवला जाईल. किती दिवसांत, ते सांगत नाही. वर्षाचा खर्च, त्याची तपासणी, मग अहवाल, मग मांडणी, मग समिती. तोवर कार्यकारी अभियंता अधीक्षक अभियंता झालेला असतो, किंवा निवृत्त होऊन नातवाला शाळेत सोडत असतो. समितीपुढं जो सचिव उभा राहतो त्याचा त्या खर्चाशी काही संबंध नसतो. तो खाली मान घालून म्हणतो, "माहिती घेऊन सादर करतो." त्याचंही चूक नाही. ज्याच्या हस्ते झालं तो तिथं नाहीच.

एक विसरलेला अधिभार

आता गंमत ऐका. कर्ता शोधायची सोय आपल्या कायद्यात आहे, आणि ती इंग्रजांच्या काळापासून आहे. मुंबई स्थानिक निधी लेखापरीक्षा अधिनियम, १९३०. गावपातळीवरचे लोक त्यातल्या तरतुदीला 'भार-अधिभार' म्हणतात. नियमबाह्य खर्च कुणी केला, कुणाच्या निष्काळजीपणानं नुकसान झालं, ते ठरवायचं, त्याचं म्हणणं ऐकायचं, आणि ती रक्कम त्या माणसावर बसवायची. संस्थेवर नाही, हुद्द्यावर नाही, माणसावर.

म्हणजे परक्या सरकारनं केलेल्या कायद्यात 'हस्ते' आहे. आमच्या ओळखीतल्या ग्रामसेवकांना आम्ही विचारलं, अधिभार बसलेला कुणी पाहिलाय का? एकानं पाहिला होता. बाकीचे हसले. शकांचं अनुपालन कसं होतं म्हणाल तर, कॅम्प लागतो. तालुक्याला सगळे दफ्तर घेऊन बसतात, जुने शक निकाली काढतात. 'पुढील लेखापरीक्षेत दाखवण्यात येईल', 'यापुढे दक्षता घेण्यात येईल', अशी उत्तरं लिहितात. दक्षता कोण घेणार? घेण्यात येईल.

"मग पैसे कसे उपलब्ध झाले?"

त्या पाइपलाइनच्या शकाकडं परत येऊ. कायद्यानं ग्रामसभेपुढं जमाखर्च आणि लेखापरीक्षेचा अहवाल ठेवावा लागतो. त्या गावच्या ग्रामसभेत तो ठेवला. ठेवला म्हणजे भाऊसाहेबांनी, आमच्याकडं ग्रामसेवकाला भाऊसाहेब म्हणतात, एका दमात वाचला. सरपंच म्हणाले, "मंजूर?" दोघं-तिघं म्हणाले, "मंजूर." विषय पुढं चालला होता. आमच्यापैकी ज्याचं गाव तो उठून म्हणाला, "भाऊसाहेब, तेवढा तिसरा शक पुन्हा वाचा. सावकाश."

त्यांनी वाचला. मोजमाप पुस्तिका उपलब्ध झाली नाही.

मागं वस्तीवरच्या बाया बसल्या होत्या. ज्या वस्तीला ते पाणी जायचं तिथल्या. त्यातल्या एक आजी म्हणाल्या, "पुस्तक उपलब्ध झालं नाही म्हंता. मग पैसे कसे उपलब्ध झाले?"

आमच्या वर्षभराच्या वाचनात यापेक्षा नेमकी टीका आम्हाला सुचली नव्हती.

भाऊसाहेब म्हणाले, "आजी, हे माझ्या आधीच्या काळातलं. मला चार्ज घेताना ते मिळालंच नाही." आता इथं खरी गोष्ट सुरू झाली. चार्ज घेतला म्हणजे यादी असणार. यादीत पुस्तिका आहे का? नाही. मग ती नाही हे तुम्ही तेव्हा लेखी कळवलं का? नाही. काम कुणी केलं? गुत्तेदाराचं नाव निघालं, तो सभेलाच बसला होता. चेकवर सह्या कुणाच्या? दोघांच्या. ही सगळी नावं त्या दिवशीच्या ठरावात आणि इतिवृत्तात लिहून घेतली. शिवी नाही, आरोप नाही. कोण, काय, कधी.

तीन आठवड्यांत पुस्तिका 'उपलब्ध झाली'. गुत्तेदाराच्या घरी होती. तिच्यात पाइप चारशे मीटर लिहिलेला. वस्तीवरच्या पोरांनी दोरी लावून मोजला तर अडीचशेच्या आसपास भरला. पंचायत समितीचे अभियंते फेरमोजणीला आले त्या दिवशी चाळीस माणसं उन्हात उभी होती. वसुली? अजून नाही. शक अजूनही प्रलंबितच आहे. उगाच गोड शेवट करून सांगत नाही. पण आता तो शक नावानिशी प्रलंबित आहे, आणि फरक एवढा पडला की पुढच्या कामाच्या वेळी मोजमाप घेताना वस्तीवरच्या दोघांना बोलावलं गेलं.

यात आमचं नवं काही नाही. राजस्थानात मजदूर किसान शक्ती संघटनेनं डिसेंबर १९९४ मध्ये कोट किराना इथं पहिली जनसुनवाई घेतली. हजेरीपट आणि बिलं गावापुढं मोठ्यानं वाचायची, बस. १९९६ मध्ये ब्यावरला चाळीस दिवसांचं धरणं झालं. 'हमारा पैसा, हमारा हिसाब' ही घोषणा तिथली. पुढं माहितीच्या अधिकाराचा कायदा झाला, त्यामागच्या वाटांपैकी ही एक. आपल्याकडं अण्णा हजारेंच्या आंदोलनानं दुसरी वाट केली. २००५ च्या रोजगार हमी कायद्याच्या कलम १७ मध्ये ग्रामसभेनं सामाजिक अंकेक्षण करावं असं लिहिलं गेलं. मेघालयानं २०१७ मध्ये त्यासाठी वेगळा कायदाच केला.

जनसुनवाईत जादू कशाची असते? यादी वाचली जाते, "अमुक अमुक, बारा दिवस, खोदकाम." आणि गर्दीतून आवाज येतो, "अहो, तो तर सुरतेला असतो." कागदाला माहीत नसलेला कर्ता गावाला माहीत असतो. लेखापरीक्षक बाहेरून येतो, त्याला फक्त प्रमाणक दिसतं. गावाला माणूस दिसतो. दोघांनी एकमेकांचं ऐकलं तर हिशेब पुरा होतो. आज लेखापरीक्षक अहवाल वर पाठवतो आणि गाव खाली बसून राहतं.

आमची मागणी

तीनच गोष्टी मागतो.

एक. प्रत्येक आक्षेपाशेजारी एक रकाना असावा: त्या तारखेला त्या खुर्चीवर कोण होतं. दोषी म्हणून नाही, पावतीवरच्या 'हस्ते'सारखं. दोष नंतर ठरू दे.

दोन. अहवाल तयार झाल्यापासून ठराविक दिवसांत तो सभागृहात आलाच पाहिजे, आणि शेवटच्या दिवशी नको.

तीन. ही सरकारकडं नाही, तुमच्याकडं. १५व्या वित्त आयोगाच्या अनुदानासाठी पंचायतींचे लेखापरीक्षित हिशेब ऑनलाइन ठेवण्याची अट होती. ई-ग्रामस्वराजवर तुमच्या गावाचा खर्च मोबाइलवर दिसतो. कॅगचे अहवाल त्यांच्या संकेतस्थळावर फुकट आहेत. पुढच्या ग्रामसभेत एक शक निवडा, एकच, आणि तो सावकाश वाचायला सांगा. जिथं 'करण्यात आले' येईल तिथं हात वर करा.

एवढं बोलून थांबतो.

श्रोत्यांमधून एक प्रश्न

"नाव लिहायला लागलात तर अडकणार तो बिचारा ग्रामसेवक. वरून फोन करणारा मोकळाच राहील. त्याचं काय?"

प्रश्न बरोबर आहे, आणि तो आम्हालाही छळतो. आमच्या पाचांतल्या शाखा अभियंत्यांनी नोकरीत हे भोगलंय. फोन येतो, "उद्या बिल निघालं पाहिजे." सही यांची, हुकूम दुसऱ्याचा. नुसतं 'हस्ते' लिहिलं तर सर्वांत खालचा हात पकडला जातो, हे खरं.

उपाय एकच दिसतो, आणि तो सरकारी नोकरांच्या वर्तणूक नियमांतच आहे. वरिष्ठाचा आदेश शक्यतो लेखी असावा, तोंडी दिला असेल तर नंतर त्याची लेखी खात्री करून घ्यावी. मग 'हस्ते'च्या शेजारी दुसरा रकाना येईल: कुणाच्या आदेशानं. आमचे अभियंता सांगतात, त्यांनी आख्ख्या नोकरीत असं पत्र दोनदा पाठवलं. "साहेब, आपल्या दूरध्वनीवरील आदेशानुसार…" अशी सुरुवात. पहिल्यांदा बदली झाली. दुसऱ्यांदा साहेबांचा परत फोन आला, "ते बिल राहू द्या."

दोनातून एकदा. प्रमाण फार चांगलं नाही, हे कबूल. पण ज्या पंचवीस-तीस वेळा त्यांनी पत्र पाठवलं नाही, तेव्हा प्रत्येक वेळी बिल निघालं. हे आम्हाला त्यांनी स्वतःच सांगितलं, आणि आज इथं सांगायची परवानगीही दिली. ते समोरच बसलेत, दुसऱ्या रांगेत.